विश्लेषण : ‘एनबीए’तील ताऱ्यांच्या टाचेमागची शीर का तुटते आहे?

‘एनबीए’ या अमेरिकेतील व्यावसायिक बास्केटबॉल लीगचा २०२५-२६ चा हंगाम २१ ऑक्टोबर २०२५ रोजी सुरू झाला. आपल्याकडे तेव्हा दिवाळी पाडव्याची पहाट उजाडत होती. पण फराळाचे ताट पुढ्यात घेऊन सामना लावणाऱ्यांना त्या वेळी तीन मोठी नावे दिसली नाहीत : जेसन टेटम, टायरीस हॅलिबर्टन आणि डेमियन लिलार्ड. त्याआधीच्या हंगामाच्या बाद फेरीत बरोबर आठ आठवड्यांच्या अंतरात या तिघांच्याही टाचेमागची शीर तुटली. घोटा मुरगळणे, गुडघा दुखणे हे बास्केटबॉलमध्ये रोजचेच. मग याच दुखापतीने संघमालकांपासून शल्यविशारदांपर्यंत सगळ्यांची झोप का उडवली?

आठ आठवड्यांत काय घडले?

पहिला लिलार्ड. मार्चमध्ये त्याच्या उजव्या पोटरीत रक्ताची गुठळी झाल्याचे निदान झाले होते. जवळपास महिनाभराच्या विश्रांतीनंतर तो बाद फेरीत परतला आणि २७ एप्रिलला इंडियाना पेसर्सविरुद्ध डाव्या पायाची शीर तुटून कोसळला. वय ३४. त्यानंतर १२ मे रोजी न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये बॉस्टन सेल्टिक्सचा टेटम. त्या सामन्यात त्याने ४२ गुण केले होते. शेवटची तीन मिनिटे उरली असताना सुटलेल्या चेंडूकडे झेपावला आणि उजवा पाय धरून खाली बसला. दुसऱ्याच दिवशी शस्त्रक्रिया झाली. त्याचे वय २७.

तिसरी घटना सर्वात जास्त चटका लावणारी. पेसर्स आणि ओक्लाहोमा सिटी थंडर यांच्यातील अंतिम मालिका ३-३ अशी बरोबरीत आली होती. पेसर्सने ‘एनबीए’चे विजेतेपद कधीच मिळवलेले नाही आणि ते मिळवून देण्याच्या अगदी जवळ त्यांना आणले होते २५ वर्षांच्या हॅलिबर्टनने. पाचव्या सामन्यात त्याची उजवी पोटरी दुखावली. एमआरआयमध्ये स्नायू ताणल्याचे दिसले. तरी तो सहावा सामना खेळला आणि संघ जिंकला. २२ जूनच्या निर्णायक सातव्या सामन्यात पहिल्या काही मिनिटांतच त्याने तीन गुणांचे तीन फटके बसवले. मग चेंडू घेऊन पुढे मुसंडी मारण्यासाठी पाय रोवला आणि त्याच उजव्या पायाची शीर गेली. जमिनीवर हात आपटत तो पडून राहिला. पेसर्स १०३-९१ असे हरले.

योगायोग म्हणजे तिघांच्याही जर्सीवर क्रमांक शून्य होता. समाजमाध्यमांवर त्यावरून बरेच काही बोलले गेले. वैद्यकीय अर्थ अर्थातच शून्य.

ही शीर म्हणजे नेमके काय?

पोटरीतले दोन मोठे स्नायू खाली एकत्र येतात आणि एका जाड, चिवट पट्ट्याने टाचेच्या हाडाला जोडले जातात. टाचेच्या वर चिमटीत धरता येतो तोच हा पट्टा. डॉक्टर त्याला ‘अकिलीस टेंडन’ म्हणतात. आपल्याकडे दुर्योधनाची मांडी, तशी ग्रीकांकडे अकिलीसची टाच.

प्रत्यक्षात ही शरीरातील सर्वात जाड आणि बळकट शीर आहे. धावताना तिच्यावर शरीराच्या वजनाच्या सहा ते आठ पट ताण येतो आणि ती तो सहन करते. स्प्रिंगसारखी ताणली जाते, ऊर्जा साठवते, सोडते. उडी मारणाऱ्याचा पाय उडतो तो तिच्या जोरावर. तिची उणी बाजू एकच : टाचेच्या हाडापासून साधारण दोन ते सहा सेंटिमीटर वरच्या भागात रक्तपुरवठा कमी असतो. तिथे झालेली बारीकसारीक झीज लवकर भरून येत नाही. बहुतेक वेळा शीर तुटते ती याच टापूत.

तुटण्याची पद्धतही ठरलेली आहे. प्रतिस्पर्ध्याला चकवून पुढे घुसण्यापूर्वी खेळाडू एक पाय मागे टाकतो. गुडघा जवळजवळ सरळ, टाच जमिनीकडे, म्हणजे शीर आधीच पूर्ण ताणलेली. त्याच क्षणी पोटरीचा स्नायू पूर्ण ताकदीने आखडतो, कारण पुढे झेप घ्यायची असते. दोरी दोन्ही टोकांनी एकदम खेचल्यासारखे होते. हॅलिबर्टनची चित्रफीत आणि २०१९ मधील केव्हिन ड्युरांटची चित्रफीत शेजारी ठेवून पाहिली, तर पायाची ठेवण जवळपास सारखी दिसते.

ज्यांची शीर तुटली ते बहुतेक जण एकच अनुभव सांगतात : मागून कुणीतरी लाथ मारली असे वाटले. मागे वळून पाहावे तर कुणीच नसते.

पोटरी दुखत असताना हॅलिबर्टन का खेळला?

खरा वाद इथे आहे. त्यासाठी २०१९ मध्ये जावे लागते.

तेव्हा ड्युरांट गोल्डन स्टेट वॉरियर्सकडे होता. ८ मे २०१९ रोजी बाद फेरीच्या सामन्यात त्याची उजवी पोटरी ताणली गेली. तो महिनाभर बाहेर बसला. दरम्यान टोरांटो रॅप्टर्सविरुद्धच्या अंतिम मालिकेत वॉरियर्स १-३ असे मागे पडले. १० जूनच्या पाचव्या सामन्यात ड्युरांट उतरला, १२ मिनिटांत ११ गुण केले आणि त्याच पायाची शीर तुटली. संघाचे व्यवस्थापक बॉब मायर्स त्या रात्री पत्रकारांसमोर रडले आणि दोष द्यायचाच तर मला द्या, असे म्हणाले. प्रशिक्षक स्टीव्ह कर यांनी नंतर दिलेला खुलासा महत्त्वाचा आहे. फार तर पोटरी पुन्हा दुखावेल, याहून वाईट काही होणार नाही, असा सगळ्यांचा समज होता. टाचेच्या शिरेला धोका आहे हे माहीत असते तर त्याला उतरवलेच नसते, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता.

२०२५ मध्ये मात्र ‘माहीत नव्हते’ म्हणण्याची सोय कुणालाच नव्हती. पोटरी आणि शीर हे एकाच यंत्राचे दोन भाग आहेत. स्नायू दुखावला की तो आखडतो, त्याची धक्के पचवण्याची ताकद घटते आणि तो भार खालच्या शिरेवर जातो. ड्युरांटचे उदाहरण प्रत्येक संघाच्या डॉक्टरसमोर होते. सातव्या सामन्याआधी अमेरिकी वाहिन्यांवरही हीच चर्चा सुरू होती. तरीही हॅलिबर्टन खेळला. शस्त्रक्रियेनंतर त्याने लिहिले की आपल्याला पश्चात्ताप नाही, पुन्हा वेळ आली तरी हाच निर्णय घेऊ.

त्याच्या शब्दावर अविश्वास दाखवण्याचे कारण नाही. २५ वर्षांच्या खेळाडूसमोर आयुष्यातला सर्वात मोठा सामना असताना तो ‘बसतो’ म्हणेल, अशी अपेक्षा करणे म्हणजे त्याला न ओळखणे. म्हणूनच प्रश्न खेळाडूच्या हिमतीचा नाही. त्याला थांबवण्याचा अधिकार कुणाकडे आहे आणि ज्याच्याकडे तो आहे, त्याचे स्वत:चे हितसंबंध कोणते, हा प्रश्न आहे. संघाचा डॉक्टर संघाचा पगार घेतो. खेळाडू दुसऱ्या डॉक्टरचे मत घेऊ शकतो, घेतोही. पण सामन्याला दोन दिवस उरलेले असताना सगळ्यांचीच नजर चषकावर असते.

पैशाचा दाब वेगळाच. २०२३-२४ पासून ‘एनबीए’त नियम आहे की सर्वोत्तम खेळाडू किंवा हंगामाच्या सर्वोत्तम संघातील स्थान यांसारख्या मानांसाठी किमान ६५ सामने खेळलेच पाहिजेत. तारे खेळाडू विश्रांतीच्या नावाखाली सामने चुकवतात, ही प्रेक्षकांची आणि वाहिन्यांची तक्रार होती. त्यावरचा हा उपाय. त्याच हंगामात हॅलिबर्टनच्या मांडीमागचा स्नायू दुखावला होता. सर्वोत्तम संघात निवड झाली तर त्याच्या पाच वर्षांच्या करारात सुमारे चार कोटी डॉलरची भर पडणार होती. हा नियम मूर्खपणाचा आहे, असे तो तेव्हा जाहीरपणे म्हणाला होता. पण ६५ ची अट त्याने पूर्ण केली, निवड झाली आणि पैसेही मिळाले. दुखऱ्या पायाने मैदानात उतरायला लावणारी व्यवस्था केवळ अंतिम सामन्यापुरती नसते, हे यावरून दिसते.

एका हंगामात सात जण, मग दोष वेळापत्रकाचा?

२०२४-२५ च्या हंगामात टाचेमागची शीर तुटलेले एकूण सात खेळाडू होते. या तिघांशिवाय जेम्स वाइसमन, आयझाया जॅक्सन, ड्रू स्मिथ आणि डिजांटे मरे. सातपैकी वाइसमन, जॅक्सन आणि हॅलिबर्टन हे तिघे एकट्या इंडियाना पेसर्सचे.

८२ साखळी सामने, सततचा विमानप्रवास, लागोपाठ दोन रात्री खेळणे याकडे साहजिकच बोट दाखवले जाते. स्टीव्ह कर तर सामन्यांची संख्या घटवा, असे कधीपासून सांगत आहेत. टेटम आणि हॅलिबर्टन यांना २०२४ च्या उन्हाळ्यातही पुरती उसंत मिळाली नव्हती. बाद फेरी लांबली, पाठोपाठ पॅरिस ऑलिम्पिक आले. दोघेही सुवर्ण जिंकणाऱ्या अमेरिकी संघात होते.

पण हा युक्तिवाद पुरा पडत नाही. वाइसमन जखमी झाला तो हंगामातील संघाच्या पहिल्याच सामन्यात, २३ ऑक्टोबर २०२४ रोजी. जॅक्सन १ नोव्हेंबरला. म्हणजे सातपैकी दोघांची शीर ८२ सामन्यांनी थकून तुटली असे म्हणताच येत नाही. लिलार्डची पोटरी दुखली ती उजवी आणि शीर तुटली ती डावी. टेटमच्या बाबतीत पोटरीची पूर्वसूचना दिल्याचे कुठेच पुढे आले नाही. एकच कारण सगळ्यांना लागू करण्याचा मोह टाळलेला बरा. शिवाय साडेचारशेहून अधिक खेळाडूंच्या लीगमध्ये सात हा आकडा मोठा वाटला, तरी एका वर्षाच्या सातवरून प्रवाह ठरवता येत नाही.

खेळ बदलला आहे, हे मात्र नाकारता येणार नाही. २०१२-१३ मध्ये प्रत्येक संघ एका सामन्यात सरासरी २० वेळा तीन गुणांचा फटका मारून पाही. २०२४-२५ च्या हंगामात ही सरासरी ३७ च्या वर गेली. पूर्वी दहाही खेळाडू बास्केटच्या आसपास दाटीवाटीने असत. आता ते कोर्टभर पसरलेले असतात. बचाव करणाऱ्याला आतून बाहेर धावत जायचे, अचानक थांबायचे, पुन्हा उलट दिशेने सुटायचे. धक्काबुक्की कमी झाली, पण थांबण्या-सुटण्याची संख्या वाढली. शिरेला त्रास होतो तो यानेच. लीगचे आयुक्त ॲडम सिल्व्हर यांनी तज्ज्ञांचे मंडळ नेमल्याचे आणि कृत्रिम बुद्धिमत्तेच्या मदतीने चित्रफिती तपासणार असल्याचे सांगितले आहे. सामन्यांची संख्या कमी करण्याचा विषय मात्र पुढे सरकत नाही. सामने कमी म्हणजे तिकिटे कमी, प्रक्षेपण कमी.

सर्वात जास्त होणारी दुखापत हीच का?

नाही, आणि हे लक्षात ठेवायला हवे. १९८८-८९ पासूनच्या १७ हंगामांतील ‘एनबीए’ खेळाडूंच्या दुखापतींचा एक मोठा अभ्यास २०१० मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात पहिला क्रमांक घोट्याच्या बाहेरच्या बाजूच्या मुरगळण्याचा होता. एकूण दुखापतींपैकी १३ टक्क्यांच्या आसपास. उडीनंतर दुसऱ्याच्या बुटावर पाय पडला की घोटा आत वळतो, हे नेहमीचे दृश्य. सर्वाधिक सामने बुडवले ते मात्र गुडघ्याच्या वाटीमागच्या सुजेने. हे दुखणे टीव्हीवर दिसत नाही, त्यावर बातमी होत नाही, पण खेळाडूला ते हंगामभर कुरतडत राहते.

गुडघ्यातले मुख्य लिगामेंट, म्हणजे ‘एसीएल’, तुटणे हा यातला मोठा धसका. ह्यूस्टन रॉकेट्सचा फ्रेड व्हॅनव्लीट २०२५-२६ चा हंगाम सुरू होण्याआधीच त्यामुळे बाहेर गेला. उडी मारून वळणाऱ्या खेळांत मुलींना हा धोका मुलांपेक्षा कितीतरी पट जास्त असतो. अमेरिकी महाविद्यालयीन बास्केटबॉलची सर्वात मोठी तारका जूजू वॉटकिन्स मार्च २०२५ मध्ये अशीच पडली आणि २०२५-२६ चा हंगाम ती खेळली नाही.

तुटलेल्या शिरेनंतर खेळाडू पूर्वीसारखा होतो का?

एके काळी ही दुखापत म्हणजे निवृत्तीच होती. डेट्रॉइटचा आयझाया थॉमस १९९४ मध्ये या दुखापतीनंतर पुन्हा खेळलाच नाही. कोबी ब्रायंटने २०१३ मध्ये शीर तुटलेल्या पायावर उभे राहून दोन फ्री थ्रो टाकले, दोन्ही बास्केटमध्ये गेले. डिसेंबरमध्ये तो परतला आणि सहाव्या सामन्यातच गुडघ्याचे हाड मोडले. १९८८ ते २०११ या काळात ही शस्त्रक्रिया झालेल्या १८ ‘एनबीए’ खेळाडूंचा एक अभ्यास आहे : सात जण पुन्हा लीगमध्ये खेळले नाहीत आणि परतलेल्यांची कामगिरी सरासरीने घसरली.

अपवादही मोठे आहेत. डॉमिनिक विल्किन्सने १९९२ मध्ये शीर तुटल्यावर पुढच्या हंगामात सामन्यामागे सरासरी २९.९ गुण केले. क्ले थॉम्पसनचा आधी गुडघा, मग टाचेची शीर अशी दोन वर्षांहून अधिक काळ गेली, तरी २०२२ मध्ये तो विजेत्या संघात होता. आणि ड्युरांट. १८ महिने थांबला, घाई केली नाही. २०२५-२६ च्या हंगामात ३७ व्या वर्षी तो ह्यूस्टनकडून पहिल्याच दिवशी गतविजेत्या थंडरविरुद्ध उतरला.

शस्त्रक्रिया स्वत: फार लांबलचक नसते, तुटलेली टोके जवळ आणून शिवली जातात. कठीण असते ती पोटरी. प्लास्टर-बुटातल्या काही आठवड्यांत तिचा घेर उतरतो आणि गेलेली ताकद परत आणायला नऊ महिने ते वर्ष लागते. शिवलेली शीर किंचित जरी लांब राहिली तरी उडीतला जोर कायमचा कमी होतो. हॅलिबर्टन २०२५-२६ चा संपूर्ण हंगाम खेळणार नाही, असे पेसर्सने जुलै २०२५ मध्येच सांगून टाकले. टेटमची तारीख सेल्टिक्सने तेव्हा दिली नव्हती.

एका पायाचा परिणाम कुठवर जातो, तेही पाहण्यासारखे आहे. लिलार्डच्या करारातले सुमारे ११.३ कोटी डॉलर बाकी असताना मिलवॉकी बक्सने त्याला मोकळे केले आणि ती रक्कम पाच वर्षांत वाटून घेतली. मोकळ्या झालेल्या जागेत त्यांनी इंडियानाचा माइल्स टर्नर उचलला. लिलार्ड आपल्या जुन्या पोर्टलँडकडे तीन वर्षांच्या ४.२ कोटी डॉलरच्या करारावर परतला. टेटमचा पाच वर्षांचा ३१.४ कोटी डॉलरचा करार २०२५-२६ च्या हंगामापासून लागू झाला, आणि तो खेळणार केव्हा हेच तेव्हा ठाऊक नसल्याने सेल्टिक्सने ड्रू हॉलिडे आणि क्रिस्टॅप्स पोर्झिंगिस यांना दुसऱ्या संघांकडे पाठवून खर्च आवरला.

आपल्याकडच्या खेळाडूंनी यातून काय घ्यावे?

मुंबईत नागपाड्यात, नागपुरात, पुण्यात बास्केटबॉल मनापासून खेळला जातो. पण बहुतेक ठिकाणी उघड्या सिमेंटच्या कोर्टवर. आंतरराष्ट्रीय सामन्यांचा लाकडी तळ धक्का थोडा तरी पचवतो, सिमेंट पचवत नाही. आणि आपल्याकडे संघाचा डॉक्टर हा प्रश्नच नसतो. निर्णय शाळेचे क्रीडाशिक्षक घेतात किंवा मुलगा स्वत:.

घोटा मुरगळला की तेल लावून चोळण्याची आपली सवय जुनी आहे. पहिल्या दोन-तीन दिवसांत चोळण्याने सूज वाढते. बर्फ, क्रेप बँडेज आणि पाय उंच ठेवणे बरे. चार पावलेही टाकता येत नसतील किंवा घोट्याच्या हाडावर दाबल्यावर दुखत असेल तर एक्स-रे काढावा. सूज उतरली म्हणजे घोटा बरा झाला असे नाही. एका पायावर तोल सांभाळण्याचे व्यायाम केले नाहीत तर तोच घोटा पुन:पुन्हा दगा देतो.

पोटरीत गोळा येणे वेगळे आणि खेळताना अचानक कळ येऊन पाय टेकवेनासा होणे वेगळे. दुसऱ्या प्रकारात, एका पायावर टाच उचलून वीस-पंचवीस वेळा विनातक्रार वर-खाली होता येईपर्यंत कोर्टवर उतरू नये. तालुका स्पर्धेची अंतिम फेरी असली तरीही.

टाचेमागे ‘कट्’ असा आवाज आला, लाथ बसल्यासारखे वाटले, तर घरच्या घरी करण्यासारखी एक तपासणी आहे. जखमी खेळाडूला पालथे झोपवून पावले पलंगाबाहेर ठेवावीत आणि पोटरी हाताने दाबावी. शीर शाबूत असेल तर पाऊल आपोआप खाली झुकते. पाऊल हलले नाही तर त्याच दिवशी अस्थिरोगतज्ज्ञ गाठावा. पाऊल थोडेफार हलवता येते म्हणून मुरगळ समजून काही आठवडे काढणारे रुग्ण असतात. तोवर तुटलेली टोके एकमेकांपासून दूर सरकलेली असतात आणि साध्या टाक्यांनी भागत नाही.